शिवेवरचा चौथा दगड

पाणी हवं असेल तर या बाटलीतलं घ्या, ओट्यावरच्या कळशीतलं नको. का, ते सांगतो, पण क्रमाने सांगतो. मला क्रम सोडून बोलता येत नाही.

कर्वेनगरच्या एका कॉलेजात मी रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेत सहायक आहे. सत्तावीस वर्षं झाली. शिक्षण दहावीपर्यंत. अगदी सुरुवातीला एका सरांनी सांगितलं होतं, "अनंत, जे दिसलं ते लिहायचं, जे वाटलं ते नाही." ते परीक्षानळ्यांबद्दल बोलत होते. मी ते मनावर घेतलं आणि तेव्हापासून रोज डायरी लिहितो. हवा कशी होती, कोण आलं, कोण गेलं, किती वाजता. आता जे सांगणार आहे ते त्या डायरीतलं आहे. जिथे नोंद नाही तिथे तसं सांगेन.

गेल्या पौषातली गोष्ट. मावशीचा चष्मा पोचवायचा होता. काम एवढंच.

माझी आई मी सात वर्षांचा असताना गेली. पुढची चार वर्षं मला कांतामावशीने सांभाळलं, तिच्या गावी, शिंदोळ्याला. धरणाच्या पाण्याला वळसा घालून गेलं की एक खिंड लागते, आणि खिंडीखाली डोंगरांच्या खोलगटात बावीस घरांचं हे गाव. एसटी खिंडीतच थांबते. फोनही खिंडीतच लागतो. खाली उतरलं की दोन्ही बंद.

दिवाळीत मावशी आमच्याकडे आली असताना तिचा चष्मा पडून फुटला. डोळे तपासून नारायण पेठेतल्या दुकानात नवा करायला टाकला आणि ती गावी परत गेली. मी तो आणायला उशीर केला. दुकानदार म्हणाले, "तयार होऊन पंधरा दिवस झाले. आम्हाला वाटलं, मावशींना चष्म्याशिवायच दिसायला लागलं."

आणल्यावरही तो माझ्या टेबलाच्या खणात पडून राहिला. डायरीत लागोपाठ तीन रविवारी एकच ओळ आहे, 'चष्मा पोचवणे'. शेवटी दीपाली, म्हणजे माझी बायको, म्हणाली, "अहो, लिहिल्याने चष्मा चालत जाणार आहे का?" मग सोमवारची रजा टाकली आणि सकाळी साडेआठची गाडी स्वारगेटहून पकडली.

गावसोड नुकतीच उरकली असेल, हे माझ्या लक्षातच नव्हतं.

गावसोड म्हणजे काय, ते आधी सांगायला हवं. शिंदोळ्यात दर चार वर्षांनी पौषात सगळं गाव तीन दिवस रिकामं करतात. माणसं, गुरं, कोंबड्या, कुत्री, सगळी शिवेबाहेरच्या माळावर झोपड्या घालून राहतात. घरांना कुलूप लावत नाहीत. चूल सारवतात, आणि एक हंडा पाण्याने काठोकाठ भरून झाकून ठेवतात. ते तीन दिवस गाव आधीच्यांचं असतं, असं म्हणतात. आधीचे म्हणजे कोण, ते कोणी सांगत नाही. मी नऊ वर्षांचा असताना एक गावसोड पाहिली आहे. निघताना मावशीच्या हंड्यात पाण्याच्या पातळीला आतून कोळशाने रेघ मारली होती. परत आलो तेव्हा पाणी रेघेच्या चार बोटं खाली होतं. मावशीला दाखवलं तर तिने माझ्या पाठीत एक धपाटा घातला आणि उरलेलं पाणी तुळशीला ओतलं.

आणि दुसरी रीत दगडाची. शिवेवर एक सपाट कातळ आहे. बाहेर पडताना प्रत्येकाने त्यावर मुठीएवढा एक दगड ठेवायचा. देवाचा कौल मिळाला की परत येताना आपापला दगड उचलून घरी न्यायचा आणि उंबऱ्याशी मांडायचा. शेवटी कातळ रिकामा झाला म्हणजे सगळे आत आले. मग शीव बांधली असं म्हणतात, आणि पुढचे तीन दिवस कोणी शीव ओलांडून बाहेर जात नाही. बाहेरचं माणूस आत आलेलं चालतं.

मी खिंडीत उतरलो तेव्हा सव्वा वाजला होता. खाली उतरताना माळावरच्या मोकळ्या झोपड्या आणि विझलेल्या चुली दिसल्या, तेव्हा आठवलं. कातळापाशी पोचलो एक चाळीसला. डायरीत शब्द आहेत, 'कातळ रिकामा.'

गावात शिरलो आणि काहीतरी चुकल्यासारखं वाटलं. भर दुपारी अंगणात कोणी नव्हतं. कुत्रं भुंकलं नाही. माणसं होती, पण दारांच्या आत. मावशीच्या ओसरीवर तिचा मुलगा पोपट गुडघ्यांत डोकं घालून बसला होता. वर बघून म्हणाला,

"दादा, आई न्हाई."

मला वाटलं, गेली. हातातली पिशवी खाली ठेवली.

"तसं न्हाई," तो म्हणाला. "नुसती... न्हाई. काल सकाळपासनं."

रविवारी पहाटे कौल मिळाला. सगळ्यांची एकच झुंबड उडाली. गुरं, गोधड्या, भांडी. पोपटची बायको शकू माळावरच बाळंत झाली होती, शुक्रवारी रात्री, मुलगी. तिला डालग्यात बसवून चौघांनी उचललं. मावशी दिसली नाही तेव्हा पोपटला वाटलं, बाळंतिणीसाठी चूल पेटवायला पुढे गेली असेल. घरी आला तर चूल थंड. वाटलं शेजारी असेल. दुपारपर्यंत बावीसही घरं पाहून झाली, गोठे झाले, विहिरीत गळ टाकून झाला.

"आणि बाहेर? माळावर?"

"बाहीर कशाला?" हा आवाज मागून आला. गेनबा काठी टेकत उभे होते. ऐंशीच्या पुढचे. शिवेचा कातळ त्यांच्या घराकडे असतो, दगड तेच राखतात. "अनंतराव, सत्तेचाळीस दगुड ठिवलं, सत्तेचाळीस उचललं. कातळावर एकबी न्हाई. म्हंजी कांता आत आली. आत येऊन गेली."

"कुठे गेली?"

गेनबांनी घराच्या आतल्या अंधाराकडे बघितलं, आणि हळू आवाजात म्हणाले, "आपन लवकर आलो आसंल. त्यांचं समदं आटपायच्या आत. ठिवून घेतली."

त्या क्षणी मला पहिल्यांदा थंडी वाजली. एवढं मोठं ऊन असताना. गावाचं हे ठरून गेलं होतं. कोणी शोधत नव्हतं, कारण जिथे शोधायचं तिथे शोधून झालं होतं, आणि उरलेल्या जागी माणसाने शोधायचं नसतं. पोपटने पोलिसांना फोन का केला नाही, हेही कळलं. फोन खिंडीत लागतो, खिंड शिवेबाहेर, आणि शीव बुधवारपर्यंत बांधलेली.

सकाळी पेपरात वाचलं होतं, पुण्यात किमान तापमान नऊ अंश. इथे सहा असणार. मावशी बहात्तर वर्षांची. चष्मा माझ्या पिशवीत.

मी ओसरीवर बसलो आणि डायरी काढली. दुसरं काय करणार? मला एवढंच येतं. उंबऱ्याशी तीन दगड ओळीने मांडलेले होते.

"हे कोणाकोणाचे?"

"माजा, शकूचा, आईचा," पोपट म्हणाला.

"आईला उचलताना तू पाहिलंस?"

"न्हाई. पन... तीन हायत ना, दादा."

मग मी घरोघर गेलो. प्रत्येकाला एकच प्रश्न विचारला, मावशीला शिवेच्या आत आलेलं तुम्ही तुमच्या डोळ्यांनी पाहिलं का? उत्तरं सगळी सारखी. 'आली आसंल की.' 'म्होरं हुती.' 'मागं हुती.' 'दगुड न्हाई म्हंजी आलीच.' कौसल्या नावाच्या शेजारणीने वैतागून विचारलं, "पुण्याला काय समदं लिवूनच ठिवत्यात? आमी खोटं सांगतोय व्हय?" मी म्हटलं, "नाही हो, वाटलेलं वेगळं आणि दिसलेलं वेगळं, तेवढं बाजूला करतोय." ती म्हणाली, "करा बाजूला," आणि दार लोटलं.

घरांत फिरताना एक गोष्ट सगळीकडे दिसली. रिकामे हंडे तुळशीपाशी उपडे घातलेले. मी त्याबद्दल कोणाला विचारलं नाही.

चार वाजून गेले. परत ओसरीवर बसून पानं चाळली. गावातून निघालेल्या सत्तेचाळीस जणांची यादी केली होती. लहान मुलांसकट प्रत्येक नावापुढे काही ना काही होतं. दोनच नावं कोरी होती. एक मावशीचं. दुसरं शकूचं.

"शकूला कोणी विचारलं?"

पोपट दचकला. "बाळंतीन हाय ती. धा दिवस तिच्या खोलीत बाप्या मानूस जात न्हाई. आन तिच्यापुढं दगडाचा विषय काढायचा नसतो, गेनबा म्हनत्यात. पोराला बाधतं."

"मी खोलीत जात नाही. खिडकीबाहेर उभा राहतो."

मागच्या बाजूला छोटी खिडकी होती, आतून लुगड्याचा पडदा. शेकशेगडीचा आणि ओव्याचा वास येत होता. शकू भोरकडची, लग्नाला दोन वर्षं झालेली. म्हणजे ही तिची पहिलीच गावसोड. मी पडद्याला म्हटलं, "शकू, अनंता बोलतोय. तू तुझा दगड स्वतः उचललास का?"

"व्हय, भावजी." थोडं थांबून, "दोन्ही म्याच उचललं."

"दोन्ही?"

"एक माजा. आन एक हिचा." आत बाळ कुईकुई करत होतं. "आत येनाऱ्या परत्येकानं उचलायचा म्हनं ना? हिला कुठं उचलता येतोय. म्हनून म्या..."

माझ्या मागे पोपट उभा होता. तो हळूच भिंतीला टेकला आणि तसाच खाली बसला.

निघताना पोटातल्या मुलीचा दगड कोणी ठेवला नव्हता. परत येताना मात्र तिच्या नावाने एक उचलला गेला. सत्तेचाळीस ठेवले, सत्तेचाळीस उचलले, आणि कातळ रिकामा दिसला. मावशी आत आलीच नव्हती. गावाने दोन दिवस तिला ती नव्हती तिथे शोधलं आणि ती होती तिकडे जायची स्वतःलाच बंदी घातली.

"भावजी... माजं चुकलं का?" शकूचा आवाज कापायला लागला. "आत्याबाई कुठं हायत्या? मला कुनी काय सांगंना. झोपल्यात म्हनत्यात, झोपल्यात."

"तुझं काही चुकलं नाही. तू सांगितलंस म्हणून कळलं. मावशी तुला शेवटी काय म्हणाली ते आठव."

"शनवारी रातीच्याला म्हनल्या, उजाडायच्या आत निरगुडीचा पाला आनते, तुला न्हायाला. वढ्याला चांगली हाय, दुसऱ्या कुनाला घावत न्हाई."

ओढा माळाच्या खालच्या अंगाला. शिवेबाहेर.

गेनबांना हे सांगायला गेलो तेव्हा मला वाटलं होतं, वाद घालावा लागेल. घालावा लागला नाही. त्यांनी सगळं ऐकलं. एकदा बोटांवर काहीतरी मोजलं. मग उठले आणि काठी शोधायला लागले.

"मानूस भाईर हाय म्हंजी शीव बांधलीच न्हाई," ते म्हणाले. "बसलाय काय, पोपट्या? ऊठ की!"

कातळापाशी मात्र त्यांनी आम्हाला थांबवलं. रीत ती रीत. "दगुड ठिवा. अनंतराव, आज तुमीबी गावातलं." तिघांनी तीन दगड ठेवले. वेळ पाच वाजून वीस मिनिटं. डायरीत लिहिलं, 'कातळावर तीन.'

ओढ्याची वाट अरुंद आहे, एकामागे एकच जाता येतं. पुढे पोपट, मध्ये गेनबा, मागे मी. धरणाच्या पाण्यावरून धुकं वर सरकायला लागलं होतं. ऊन गेलं की त्या खोलगटात आवाज बसतात. पोपटच्या हाका दहा पावलांवर विरून जात होत्या. "आई... ए आई..." मध्येच ओल्या मातीचा वास, मध्येच कुजलेल्या पाल्याचा.

थोडं खाली उतरल्यावर मला जाणवलं की माझ्या मागे कोणीतरी चालतंय.

पाऊल माझ्याबरोबर पडत नव्हतं, किंचित उशिरा पडत होतं. मी मनात म्हटलं, प्रतिध्वनी. थांबलो, तर दोन पावलं जास्त पडली आणि मग थांबली. मी मागे बघितलं नाही. ही गोष्ट खरी सांगायची तर भीतीने बघितलं नाही. नंतर ती पावलं माझ्या डाव्या हाताने, झाडीतून, पुढे गेली. पाला दबल्याचा आवाज आला. फांदी हलली नाही.

"गेनबा," मी हळूच म्हटलं, "ऐकलंत का..."

"चला," ते म्हणाले. "बोलू नगा. चला."

ओढ्यावर पोचलो तेव्हा सहा वाजून गेले होते. निर्गुडीची बेटं दोन्ही काठांना पसरलेली. कुठून सुरुवात करायची ते कळेना. मावशीला हाक ऐकू आली असती तर तिने ओ दिली असती, म्हणजे एक तर ती इथे नाही, नाही तर तिच्यात ओ द्यायचं बळ नाही. पोपट वरच्या अंगाला निघाला होता, तेवढ्यात खालच्या अंगाने आवाज आला.

टक्.

आम्ही तिघंही थांबलो.

टक्... टक्.

दगडावर दगड आपटल्याचा. घाई नव्हती त्यात. हमाल ओझं उतरवून बसला आणि वेळ काढायला काहीतरी करतोय, तसा.

"आई!" पोपट ओरडला आणि धावत सुटला. आम्ही मागे. आवाज थांबायचा, आम्ही चुकलो की पुन्हा यायचा. टक्... टक्... धुक्यात चुरगळलेल्या निर्गुडीचा उग्र वास एकदम अंगावर आला, आणि समोर जुना फुटका बंधारा दिसला. त्याच्या भिंतीखाली पुरुषभर खोल खड्डा. मी टॉर्च मारला.

मावशी होती.

पाल्याचा सगळा भारा तिने अंगावर ओढून घेतला होता, गोधडीसारखा. नुसता चेहरा बाहेर. डोळे मिटलेले. पोपट खाली उडी मारून पोचला, तिचा हात हातात घेतला, आणि तो एवढा धडधाकट माणूस मोठ्याने रडायला लागला. त्यावरून मला वाटलं, संपलं.

मग मावशीने डोळे किलकिले केले आणि टॉर्चच्या दिशेने विचारलं,

"कोण, अनंता? चष्मा आणलास का?"

मला एकदम हसू फुटलं. बंधाऱ्याच्या काठावर मी मटकन बसलो. बसताना हाताला दोन दगड लागले, एकावर एक ठेवलेले. प्रयोगशाळेतल्या सवयीने हात तसाच ठेवला. सहा-सात अंश थंडी असेल. दोन्ही दगड कोमट होते.

मी पिशवीतून चष्मा काढून खाली दिला. पोपटने तो तिच्या डोळ्यांवर चढवला. ती काठाकडे बघायला लागली, माझ्या शेजारच्या मोकळ्या जागेकडे.

"आता काय उपयोग," ती म्हणाली. "गेलं की ते."

"कोण, मावशी?"

"तुमच्या जरा आधी आलं. तिथं वर बसलं, पाठमोरं. मला झोप यायला लागली होती रे, छान, ऊबदार झोप. ते आलं आणि दगड वाजवत बसलं. डोळा लागू देईना. मी म्हटलं, बाबा, नको वाजवू, झोपू दे. ऐकेना." तिने चष्मा नाकावर नीट बसवला. "बसणं ओळखीचं वाटलं. पण चष्मा नव्हता. काल असता तर..."

तिने वाक्य पूर्ण केलं नाही. माझ्याकडे बघितलंही नाही. त्याबद्दल मी तिचा ऋणी आहे.

पायाचा घोटा मोडला होता. बाकी ओरखडे, आणि अंगाला कापरं. गेनबांनी आपलं घोंगडं तिच्यावर टाकलं. पोपटने तिला पाठीवर घेतलं. परत येताना आमच्या मागे कोणी नव्हतं. मी नीट लक्ष देऊन ऐकलं.

शिवेवर पोचलो तेव्हा पुरता अंधार पडला होता. पोपट कातळापाशी थांबला. त्याला आत्ता आठवलं असावं. "गेनबा, आईचा दगुड न्हाई. शकूनं उचललाय. आत कशी घ्यायची?"

"हाय की," गेनबा म्हणाले. त्यांचा आवाज कसातरीच आला.

मी टॉर्च मारला. कातळावर चार दगड होते.

तीन आमचे, आम्ही ठेवले तसेच. चौथा त्यांच्यापासून जरा लांब, काळा, ओला. मावशीने पोपटच्या पाठीवरूनच वाकून तो उचलला. "चला आता," ती म्हणाली, "पोरीला बघू द्या." आम्ही आमचे उचलले आणि आत गेलो.

त्या संध्याकाळी शिंदोळ्यात जे झालं ते मला आयुष्यभर पुरेल. बावीस घरांतून कंदील आणि मोबाईलचे उजेड बाहेर आले. कुत्री भुंकायला लागली, सगळी एकदम. कौसल्याबाईंनी मावशीच्या तोंडाला गुळाचं गरम पाणी लावलं आणि मला म्हणाल्या, "लिवा, हेबी लिवा." मावशीने नात मांडीवर घेतली आणि शकूला पहिली गोष्ट कुठली विचारली असेल? "निर्गुडीने न्हायलीस का?" शकू रडत रडत हसत होती. दहा दिवसांचा नियम कोणाला आठवला नाही. मावशी दवाखान्यात जाईपर्यंत शीव बांधायची नाही, असं गेनबांनी ठरवलं, आणि पोपट खिंडीत जाऊन फोन करून आला. सकाळी जीप येणार होती.

सकाळी मावशीला खाटेसकट जीपपर्यंत आणली. गेनबा शिवेपर्यंत आले. बाकीचे पुढे गेल्यावर त्यांनी माझी बाही धरली.

"रातभर डोळा लागला न्हाई," ते म्हणाले. "अनंतराव, दगुड कवा ठिवत्यात?"

"बाहेर जाताना."

"मग आपल्या मागनं कुनीतरी भाईर गेलं. आपला दगुड ठिवून गेलं. रीतसर." ते कातळाकडे बघत होते. "आन त्याचा दगुड आपन खर्च केला. आता त्यानं आत कसं यायचं?"

माझा कालचा दगड पिशवीत होता, मावशीने आठवण म्हणून ने म्हटलं होतं. मी तो काढून कातळावर ठेवला. "हा त्याचा," मी म्हटलं. गेनबांनी मान हलवली. त्यांच्या तोंडावर थोडा हलकेपणा आला, आणि माझ्याही.

मावशी पुढे सात आठवडे इथे होती, याच खोलीत. घोटा छान जुळला. मुलीचं नाव राजनंदिनी ठेवलं तेव्हा म्हणाली, "एवढं लांब नाव! हाक मारेस्तोवर पोर खिंड ओलांडेल." आता ती काठीशिवाय चालते. परवा तिचा खिंडीतून फोन आला होता. सगळं खुशाल आहे, नातीला दात येतायत, चष्मा झकास आहे. फोन ठेवता ठेवता म्हणाली, "अनंता, तो तुझा दगड... अजून कातळावरच आहे रे. तसाच. कोणी उचलला नाही."

म्हणजे तो अजून बाहेर आहे.

आता कळशीचं. दीपाली रात्री ओटा आवरताना ती काठोकाठ भरते आणि झाकण ठेवते. शिंदोळ्याहून आल्याच्या तिसऱ्या दिवशी सकाळी पाणी खाली गेलेलं माझ्या लक्षात आलं. ती म्हणते, "तुम्हीच उठून पिता आणि विसरता. डायरीत लिहून ठेवत जा." मी लिहून ठेवतो. आतून पेन्सिलची रेघ आहे, तुम्ही बघू शकता. आज एकशे बारावा दिवस. कधी तीन बोटं नाही, कधी पाच नाही. चार.

सुरुवातीला भीती वाटायची. आता नाही वाटत. मावशी या खोलीत कण्हत असायची, तेव्हाही पाणी रोज चार बोटंच उतरायचं, आणि तिला झोप शांत लागायची. ज्याने तिला झोपू दिलं नाही, त्याला मी एक कळशी पाणी देऊ शकतो. उरलेलं सकाळी तुळशीला घालतो. म्हणून म्हटलं, तुम्ही बाटलीतलं घ्या.

फक्त आज सकाळी एक नवीन दिसलं, ते अजून दीपालीला सांगितलेलं नाही. नेहमीप्रमाणे सकाळी रेघ बघितली. चार बोटं. ठीक. मग दूध घ्यायला दार उघडलं. बाहेर उंबऱ्याशी, चपलांच्या शेजारी, एक दगड होता. मुठीएवढा. ओला.

तो कोणी ठेवून गेलं असेल, तर ते बाहेर गेलं. आणि परत येऊन रीतीप्रमाणे उंबऱ्याशी मांडला असेल, तर ते आतच आहे. मी दोन्ही लिहून ठेवलंय.